विश्लेषण : मल्याळम सिनेमात केरळ इतका ठळक का दिसतो? आणि त्यात कोण दिसत नाही?

‘दृश्यम’मधला विजय साळगावकर मराठी प्रेक्षकांच्या चांगल्या ओळखीचा आहे. गोव्यात केबलचा धंदा करणारा, शिक्षण बेताचे, पण सिनेमे पाहून पाहून शहाणा झालेला गृहस्थ. निशिकांत कामत यांनी २०१५ मध्ये त्याला हिंदीत आणले. मूळचा मात्र हा माणूस साळगावकर नाही. जीतू जोसेफ यांच्या २०१३ च्या मल्याळम चित्रपटात तो जॉर्जकुट्टी आहे. इडुक्कीच्या डोंगराळ भागातला, चार पैसे गाठीला बांधून असलेला ख्रिस्ती गृहस्थ. हिंदीत साळगावकर कुटुंब ‘त्या’ दिवशी पणजीला स्वामींच्या सत्संगाला गेल्याचे सांगते. मल्याळममध्ये तेच कुटुंब ख्रिस्ती ध्यानशिबिराला गेलेले असते.

गोष्ट तीच, गाव बदलले. पण मूळ चित्रपट पाहिलेल्याला काहीतरी सुटल्यासारखे वाटते. इडुक्कीत मैदानी भागातून डोंगरावर चढून जंगल तोडत, रबर-मिरी लावत वसलेल्या ख्रिस्ती शेतकऱ्यांच्या दोन-तीन पिढ्या आहेत. जमिनीला आणि कुटुंबाला घट्ट धरून राहणारा जॉर्जकुट्टी त्या मातीतला आहे. मल्याळम सिनेमाची ताकद म्हणतात ती हीच. त्याच्या गोष्टीला पत्ता असतो.

करोनाच्या टाळेबंदीत ओटीटीवर सबटायटलसह हे चित्रपट घराघरांत पोहोचले. ‘दृश्यम २’, ‘जोजी’, ‘द ग्रेट इंडियन किचन’ पाहून ‘हे लोक इतके खरे सिनेमे कसे काढतात?’ असा प्रश्न अनेकांना पडला. त्याचे उत्तर कॅमेऱ्यापेक्षा केरळच्या समाजात अधिक आहे. आणि त्या उत्तराला एक काळी बाजूही आहे.

पहिल्या नायिकेचे काय झाले?

मल्याळममधला पहिला चित्रपट मूकपट होता, ‘विगतकुमारन’, म्हणजे हरवलेला मुलगा. तो १९२८ चा की १९३० चा, यावर अभ्यासकांत अजून एकमत नाही. काढणारे जे. सी. डॅनियल. त्या काळी चांगल्या घरातल्या बायका नाटक-सिनेमात येत नसत. (आपल्याकडे दादासाहेब फाळक्यांनाही ‘राजा हरिश्चंद्र’मधली तारामती पुरुषाकडून करून घ्यावी लागली होती.) डॅनियल यांनी लोकनाट्यात काम करणारी एक दलित ख्रिस्ती तरुणी निवडली. तिचे नाव पी. के. रोझी. गवत कापून पोट भरणाऱ्या घरातली ही मुलगी पडद्यावर नायर घराण्यातल्या सरोजिनीची भूमिका करत होती.

तिरुवनंतपुरममधील कॅपिटॉल थिएटरात पहिला खेळ झाला. दलित मुलगी नायर स्त्री म्हणून दिसते आणि नायक तिच्या केसांतल्या फुलाचे चुंबन घेतो, हे पाहून प्रेक्षागृहातले लोक खवळले. पडद्यावर दगडफेक झाली. नंतर रोझीचे घर जाळण्यात आले आणि ती जीव वाचवून तमिळ मुलखात निघून गेली, असे सांगितले जाते. तिने पुन्हा कधी सिनेमात काम केले नाही. डॅनियल कर्जबाजारी झाले आणि १९७५ मध्ये उपेक्षेतच वारले. चित्रपटाची प्रत आज उपलब्ध नाही.

पुढे केरळ सरकारने सिनेमातल्या आपल्या सर्वोच्च पुरस्काराला डॅनियल यांचे नाव दिले. रोझीचे नाव मात्र बरीच दशके कुणाच्या तोंडी नव्हते. दिग्दर्शक कमल यांचा ‘सेल्युलॉइड’ हा २०१३ चा चित्रपट ही कथा सांगतो. तो आल्यावर मल्याळी प्रेक्षकांच्या नव्या पिढीला कळले की आपला सिनेमा जन्मालाच जातीच्या दगडाखाली आला होता.

साहित्य आणि डाव्या चळवळीचा वाटा किती?

फार मोठा. १९४५ मध्ये पी. एन. पणिक्कर यांनी ४७ ग्रंथालयांना एकत्र आणून ग्रंथशाळा संघ सुरू केला. त्यातून गावोगावी वाचनालये उभी राहिली. वाचनालयात वर्तमानपत्राचे जाहीर वाचन, चहाच्या टपरीवर त्यावर वाद, संध्याकाळी नाटकाची तालीम, असा तो माहोल होता. केपीएसी या डाव्या नाट्यसंस्थेने तोप्पिल भासी यांचे ‘निंगळेन्ने कम्युनिस्टाक्की’ हे नाटक १९५२ पासून गावोगावी नेले. १९५७ मध्ये ई. एम. एस. नंबुद्रिपाद यांच्या नेतृत्वाखाली कम्युनिस्टांचे निवडून आलेले सरकार आले. वाचणारा आणि वाद घालणारा प्रेक्षक आयता तयार होता.

सिनेमाला कथाही साहित्यिकांनी पुरवल्या. १९५४ चा ‘नीलक्कुयिल’ कादंबरीकार उरूब यांनी लिहिला आणि पी. भास्करन व रामू कार्याट यांनी दिग्दर्शित केला. सवर्ण शिक्षक एका दलित मुलीवर प्रेम करतो, तिला दिवस जातात आणि हा मागे सरतो. ती मरते. तिचे मूल गावातला पोस्टमन वाढवतो. पौराणिक आणि तमिळ नाटकी थाटाच्या चित्रपटांच्या गर्दीत ही गोष्ट, शेताच्या बांधावरची लोकगीतांची चाल आणि लोकांच्या तोंडची मल्याळम हे सारे नवे होते. चित्रपटाला राष्ट्रपतींचे रौप्यपदक मिळाले. रोझीवर दगड पडले त्याला पंचवीस वर्षे होत आली होती.

१९६५ मध्ये त्याच कार्याट यांनी तकळी शिवशंकर पिळ्ळै यांच्या कादंबरीवर ‘चेम्मीन’ केला. कोळ्याची मुलगी करुत्तम्मा आणि मुसलमान व्यापारी परीकुट्टी यांचे प्रेम आणि त्यांच्या मधे उभी असलेली एक समजूत : दर्यावर गेलेल्या नवऱ्याचा जीव घरातल्या बायकोच्या पावित्र्यावर तरतो, नाहीतर कडलम्मा, म्हणजे सागरमाता, त्याला गिळते. राष्ट्रपतींचे सुवर्णपदक मिळवणारा हा दक्षिणेतला पहिला चित्रपट. त्याचे संगीत बंगाली सलील चौधरींचे आणि संकलन हृषीकेश मुखर्जींचे. तंत्रज्ञ बाहेरून आणले, पण वाळूत सुकणारी मासळी, होड्या, सावकारी आणि मत्सर हे सगळे केरळच्या किनाऱ्यावरचे होते.

‘तरवाड’ म्हणजे काय आणि तो सारखा का दिसतो?

मल्याळम चित्रपटांत एक जुने कौलारू घर वारंवार येते. मोठे अंगण, चौक, तळे, अंधाऱ्या खोल्या. हे तरवाड, म्हणजे नायर आणि तत्सम समाजांतले एकत्र कुटुंबाचे मूळ घर. मरुमक्कत्तायम या मातृवंशीय पद्धतीत घराणे आईकडून चाले. मालमत्ता बहिणी आणि त्यांच्या मुलांच्या नावाने, कारभार मात्र थोरल्या मामाच्या हातात. तो कारणवर. विसाव्या शतकात एकामागून एक कायदे येऊन ही पद्धत सुटत गेली, १९७० च्या जमीनसुधारणांनी कुळांना जमीन मिळाली आणि १९७५ च्या कायद्याने एकत्र कुटुंबाची मालमत्ताच संपुष्टात आली. एका पिढीच्या डोळ्यांदेखत जग बदलले. मल्याळम सिनेमाने ही पडझड जितक्या बारकाईने टिपली तितकी क्वचितच कुणी टिपली असेल.

अदूर गोपालकृष्णन यांचा ‘एलिप्पत्तायम’ (१९८१), म्हणजे उंदरांचा सापळा, हे त्याचे सर्वांत नेमके उदाहरण. घरातला मधल्या वयाचा पुरुष उण्णी. बाहेर जाताना चिखल दिसला की तो परत फिरतो. अंगणात गाय शिरली तर हाकलायला बहिणीला हाक मारतो. राजम्मा नावाची ही बहीण त्याचे जेवण, अंघोळीचे पाणी आणि कपडे बघता बघता झिजून जाते. तिच्या लग्नाची स्थळे तो परतवत राहतो, कारण ती गेली तर आपले कोण करणार? धाकटी बहीण सापळ्यात सापडलेले उंदीर तळ्यात बुडवते. त्या सापळ्यात नेमके कोण अडकले आहे, हे सांगायची गरज उरत नाही. राजम्माचे काम करणाऱ्या अभिनेत्रीचे नाव शारदा. ते लक्षात ठेवावे, पुढे ते पुन्हा येणार आहे.

एम. टी. वासुदेवन नायर यांनी १९७३ मध्ये ‘निर्माल्यम’ दिग्दर्शित केला. देवळातला वेळिच्चप्पाड, म्हणजे अंगात देव येणारा आणि देवीच्या वतीने बोलणारा माणूस, गावाने देवळाकडे पाठ फिरवल्याने उपाशी आहे. बायकोने घर चालवण्यासाठी काय केले ते त्याला कळते. उत्सवाच्या दिवशी तो तलवारीने स्वतःचे कपाळ फोडत नाचतो आणि तोंडातले रक्त देवीच्या मूर्तीवर थुंकतो. चित्रपटाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, पी. जे. अँटनी यांना अभिनयाचा. हे दृश्य आज चित्रित करता येईल का, हा प्रश्न केरळात दरवेळी नव्याने विचारला जातो.

डाव्यांच्या राज्यात डाव्यांची थट्टा?

होते, आणि ती करणारे बहुधा घरचेच असतात. अदूर यांनी १९८४ च्या ‘मुखामुखम’मध्ये भूमिगत झालेला पुढारी परत येऊन नुसता झोपा काढतो आणि पितो, असे दाखवून पक्षाचा रोष ओढवून घेतला. त्याच वर्षी के. जी. जॉर्ज यांच्या ‘पंचवडिप्पालम’मध्ये ग्रामपंचायत चांगला पूल पाडून नवा बांधायला निघते, कारण कंत्राट हवे असते. उद्घाटनाच्या दिवशी नवा पूल कोसळतो. केरळात कुठे पुलाला तडा गेला की आजही हे नाव निघते. १९९१ च्या ‘संदेशम’मध्ये श्रीनिवासन यांनी लिहिलेले दोन सख्खे भाऊ परस्परविरोधी पक्षांत असतात. घरचे वडील निवृत्तीचा पैसा खर्चत बसतात आणि हे दोघे जेवणाच्या पानावर जागतिक राजकारणावर भांडतात. चित्रपट हसवतो म्हणून लोकप्रिय आहेच. पण चळवळीची भाषा उरली आणि काम सुटले, ही खंत त्याच्या मुळाशी आहे. राजकारणाचाच तिटकारा पसरवल्याचा आक्षेपही या चित्रपटावर घेतला जातो. दोन्ही म्हणणी आपापल्या जागी खरी आहेत.

आखात आणि मुंबई : परदेशी गेलेला माणूस

सुमारे साडेतीन कोटी लोकसंख्येच्या या राज्यातले २२ लाखांच्या आसपास लोक परदेशात राहतात, असे २०२३ चे केरळ स्थलांतर सर्वेक्षण सांगते. त्यातले बहुतेक आखातात. घराघरांत कुणीतरी ‘गल्फ’ला असणे ही केरळची सर्वसाधारण स्थिती आहे. त्यामुळे त्यावरचे चित्रपट हा जवळजवळ वेगळा प्रकारच झाला.

१९८७ च्या ‘नाडोडिक्काट्टु’मध्ये दासन आणि विजयन हे दोन बेकार तरुण एजंटाला पैसे देऊन लाँचने दुबईला निघतात. किनारा लागतो, दोघे अरबी झगे चढवून उतरतात आणि ते मद्रास निघते. आजही मल्याळी माणूस या प्रसंगावर पोट धरून हसतो. कारण फसवल्या गेलेल्यांतला एक तरी त्याच्या नात्यातला असतो. मामूटी यांचा ‘पत्तेमारी’ (२०१५) हसवत नाही. होडीने दुबईला गेलेला नारायणन गावी घर उभे करतो, भावंडांची लग्ने करतो आणि स्वतः दाटीवाटीच्या खोलीत खाटेवर आयुष्य काढतो. सुट्टीवर आला की सगळे विचारतात, परत कधी जाणार? बेन्यामिन यांच्या कादंबरीवरचा ब्लेस्सी यांचा ‘आडुजीवितम’ (२०२४) तर थेट सौदीच्या वाळवंटात शेळ्या राखायला डांबलेल्या मजुराचा आहे. परिचारिकांची गोष्ट ‘टेक ऑफ’मध्ये (२०१७) येते. इराकमधल्या तिक्रितमध्ये २०१४ मध्ये अडकलेल्या आणि सुटून आलेल्या ४६ भारतीय परिचारिकांच्या सुटकेवर तो बेतला आहे.

आखाताच्या आधी आणि बरोबरीने मुंबई होतीच. मुंबईच्या रुग्णालयांत मल्याळी सिस्टर कुणाला भेटली नाही? पायल कपाडिया यांच्या ‘ऑल वी इमॅजिन अॅज लाइट’ने तिला पडद्यावर मध्यभागी आणले. २०२४ मध्ये कान महोत्सवात त्याला ग्रां प्री मिळाला. मुख्य स्पर्धेत भारतीय चित्रपट येण्याची ही ३० वर्षांनंतरची पहिली वेळ. त्याआधीचा १९९४ चा ‘स्वाहम’ हाही मल्याळमच होता, शाजी एन. करुण यांचा. प्रभा आणि अनु या दोन मल्याळी परिचारिका एका खोलीत राहतात. प्रभाचा नवरा जर्मनीत आहे. तो फोन करत नाही, पण एक दिवस कुरिअरने भात शिजवायचा कुकर येतो. कुणी पाठवला याची चिठ्ठी नाही. रात्री प्रभा तो कुकर कवटाळून बसते. त्याच रुग्णालयात स्वयंपाकीण असलेली पार्वती छाया कदम यांनी उभी केली आहे. गिरणी कामगाराची विधवा, घराची कागदपत्रे नाहीत म्हणून बिल्डर हाकलतो आणि ती रत्नागिरीकडच्या गावी परतते. दोन्ही मल्याळी मैत्रिणी तिच्याबरोबर कोकणात जातात. केरळ सोडून आलेल्या आणि कोकण सोडून आलेल्या बाईची गोष्ट एकाच चित्रपटात चालते.

मधल्या काळात काय बिघडले?

थोडक्यात सांगायचे तर मिशी वाढली. १९९० च्या दशकापासून ‘देवासुरम’, ‘आराम तंबुरान’, ‘नरसिंहम’ यांसारख्या चित्रपटांतून तोच मोडलेला तरवाड पुन्हा दिमाखात उभा राहिला. त्यात सवर्ण जमीनदार नायक उण्णीसारखा घाबरट नव्हता. तो मिशीला पीळ देत दुष्टांना आणि जास्त बोलणाऱ्या नायिकेला धडा शिकवत होता. हे चित्रपट तुफान चालले. अदूर यांनी ज्याचे शवविच्छेदन केले त्यालाच लोकांनी हार घातला, असे म्हणता येईल. त्यानंतरच्या दहाएक वर्षांत प्रेक्षक थिएटरपासून दूर गेला.

बोली आणि गाव कसे परत आले?

२०११ च्या ‘ट्रॅफिक’पासून नवी लाट मोजायची पद्धत आहे. डिजिटल कॅमेऱ्याने खर्च उतरला, ताऱ्यांवरचे अवलंबन सुटले. पण खरा बदल ऐकू येतो. पूर्वी सिनेमातली मल्याळम बहुतेकदा वळ्ळुवनाडची, पालक्काड-ओट्टप्पालमकडची असे. एम. टी. आणि त्यांच्या नंतरच्या लेखकांनी ती घडवली आणि तिथल्या वाड्यांत चित्रीकरण झाले. मराठी सिनेमात दीर्घ काळ पुणेरी बोलणे हेच ‘शुद्ध’ होते, तसेच काहीसे. बाकीच्या बोली विनोदी पात्रांना दिलेल्या असत.

आता उत्तरेकडच्या कासरगोडची बोली नायकाच्या तोंडी आहे (‘न्ना तान केस कोडु’, २०२२). ‘सुडानी फ्रॉम नायजेरिया’मध्ये (२०१८) मलप्पुरमचे मुसलमान लोक आपल्या बोलीत बोलतात. तिथल्या सात जणांच्या फुटबॉल स्पर्धांत आफ्रिकेतून खेळाडू आणतात, ही वस्तुस्थिती आहे. जखमी नायजेरियन खेळाडूची सेवा संघचालकाची आई आणि शेजारीण करतात. त्यांना इंग्रजी येत नाही, त्याला मल्याळम येत नाही. हिंदी सिनेमात मुसलमान पात्र दिसले की अत्तर किंवा बंदूक येते. इथे चहा आणि पाहुण्याची काळजी येते.

‘महेशिंटे प्रतिकारम’चा (२०१६) नायक इडुक्कीत फोटो स्टुडिओ चालवतो. बाजारात सर्वांदेखत मार खातो आणि बदला घेईपर्यंत चप्पल घालणार नाही अशी शपथ घेतो. दोन तासांचा चित्रपट म्हणजे अनवाणी माणसाचा राग थंड होत जाण्याची गोष्ट. ‘अंगमाली डायरीज’मध्ये (२०१७) ८६ नवे चेहरे, डुकराच्या मांसाचा धंदा आणि चर्चची मिरवणूक. ‘ई.मा.यौ.’ (२०१८) चेल्लानमच्या किनाऱ्यावरच्या लॅटिन कॅथलिकांचा. नाव म्हणजे येशू, मरियम, योसेफ, जे मरणाऱ्याच्या कानात म्हटले जाते. बापाला धूमधडाक्यात मूठमाती देईन असे वचन दिलेल्या मुलाची, पावसात आणि कर्जात होणारी फरपट असे त्याचे कथानक. २०११ च्या जनगणनेनुसार केरळात हिंदू सुमारे ५५ टक्के, मुसलमान २७ आणि ख्रिस्ती १८ टक्के. या तिन्हींच्या घरांत सिनेमा आत शिरतो, बैठकीच्या खोलीतच थांबत नाही, हे त्याचे मोठे बळ आहे.

जमिनीचा प्रश्नही याच काळात परत आला. राजीव रवी यांचा ‘कम्मट्टिपाडम’ (२०१६) एर्नाकुलमच्या मध्यभागी असलेल्या एका दलित वस्तीचा आहे. तिची भातशेती भरून त्यावर शहर उभे राहिले. वस्तीतल्याच पोरांना गुंड म्हणून वापरून जागा रिकाम्या केल्या गेल्या. यातल्या गंगाच्या भूमिकेसाठी विनायकन यांना राज्याचा सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा पुरस्कार मिळाला. कोचीला ‘क्वीन ऑफ अरेबियन सी’ म्हणणाऱ्या जाहिरातींत ही वस्ती दिसत नाही.

स्वयंपाकघरात शिरल्यावर?

‘कुंबळंगी नाइट्स’मध्ये (२०१९) खलनायक कोण? नीटनेटका, शिस्तीचा, बायको-मेव्हणीवर ‘प्रेमाने’ लक्ष ठेवणारा शम्मी. आरशात बघून मिशी नीट करणारा. मधल्या काळातला मिशीवाला नायक इथे घरातला धोका ठरतो.

दोन वर्षांनी जियो बेबी यांनी ‘द ग्रेट इंडियन किचन’ काढला. मोठ्या ओटीटी मंचांनी नाकारल्यावर जानेवारी २०२१ मध्ये तो ‘नीस्ट्रीम’ या छोट्या मल्याळी मंचावर आला. त्यात घडते काय? चिरणे, वाटणे, तळणे, वाढणे, खरकटे उचलणे, भांडी. नवरा शाळेत समाजशास्त्र शिकवतो. सासऱ्यांना कुकरचा भात चालत नाही, चुलीवरचा लागतो. मशीनमध्ये कपडे विरतात म्हणे. कुणी मारत नाही, ओरडतही फारसे नाही. सिंकची नळी गळते, ती दुरुस्त करा असे नवऱ्याला सांगितले जाते आणि ती गळतच राहते. पुढे पाळी आल्यावर सुनेला कोपऱ्यातल्या खोलीत चटईवर निजावे लागते, कारण घरातल्या पुरुषांनी शबरीमलाचे व्रत धरले आहे. २०१८ च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालावरून केरळ ढवळून निघाला होता. चित्रपटाने तो वाद रस्त्यावरून उचलून ओट्याशी आणला. २०२५ मध्ये तो ‘मिसेस’ नावाने हिंदीत आला.

केरळ साक्षरतेत देशात अग्रेसर, २०११ च्या जनगणनेत ९४ टक्के. मुली शिकतात, परदेशी नोकरीला जातात. तरी लग्नानंतर त्यांची दिवसभराची जागा ठरलेली, हे आकडेवारीत दिसत नाही. हाच धागा जियो बेबी यांनी ‘काथल’मध्ये (२०२३) पुढे नेला. मामूटींनी त्यात पोटनिवडणुकीला उभ्या राहिलेल्या समलिंगी गृहस्थाची भूमिका केली आणि घटस्फोटाचा अर्ज बायको करते, कारण तिलाही वीस वर्षे काही मिळाले नव्हते.

पडद्यामागचे काय?

१६ ऑगस्ट २०२४ रोजी राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार जाहीर झाले. सर्वोत्कृष्ट चित्रपट ठरला मल्याळम ‘आट्टम’. एका नाटकमंडळीत बारा पुरुष आणि एक स्त्री. तिचा विनयभंग होतो. बाकीचे बसून चर्चा करतात, दोषी कोण, पुरावा काय, आणि परदेश दौऱ्याचे आमिष पुढे येताच एकेकाचे मत कसे वळते, याची गोष्ट.

तीन दिवसांनी, १९ ऑगस्टला, न्यायमूर्ती हेमा समितीचा अहवाल काटछाट करून प्रसिद्ध झाला. फेब्रुवारी २०१७ मध्ये एका अभिनेत्रीचे अपहरण करून तिच्यावर अत्याचार झाला होता. त्यानंतर ‘विमेन इन सिनेमा कलेक्टिव्ह’ ही संघटना उभी राहिली आणि तिच्या मागणीवरून सरकारने समिती नेमली. समितीत तीन जणी. त्यातल्या एक होत्या शारदा, ‘एलिप्पत्तायम’मधली राजम्मा. अहवाल डिसेंबर २०१९ मध्ये सादर झाला आणि साडेचार वर्षांहून अधिक काळ सरकारी कपाटात राहिला. कामाच्या बदल्यात ‘तडजोडी’ची मागणी, तक्रार करणारीला काम न मिळणे, मूठभर ताकदवानांचा गट, लेखी करार नसणे असे बरेच काही त्यात आहे. सगळ्यात साधी आणि म्हणूनच बोचणारी नोंद चित्रीकरणस्थळी शौचालय नसण्याची. बायका दिवसभर पाणी पीत नाहीत. घरातल्या ओट्यावरचा अन्याय एवढ्या बारकाईने दाखवणाऱ्या उद्योगात ही स्थिती होती. अहवालानंतर आठवडाभरात अनेक तक्रारी पुढे आल्या आणि २७ ऑगस्टला कलाकारांच्या ‘अम्मा’ संघटनेची संपूर्ण कार्यकारिणी अध्यक्ष मोहनलाल यांच्यासह पायउतार झाली.

‘कलेक्टिव्ह’ने २०१९ मध्ये आपली फिल्म सोसायटी सुरू केली होती. तिचे नाव पी. के. रोझी फिल्म सोसायटी.

जातीचा प्रश्नही मिटलेला नाही. केरळचे चित्रपट विकास महामंडळ महिला दिग्दर्शकांना आणि अनुसूचित जाती-जमातींतल्या दिग्दर्शकांना चित्रपटासाठी दीड कोटी रुपयांपर्यंत साह्य देते. ऑगस्ट २०२५ मध्ये तिरुवनंतपुरमच्या चित्रपट धोरण परिषदेत अदूर गोपालकृष्णन म्हणाले की ही रक्कम जास्त आहे आणि या दिग्दर्शकांना आधी प्रशिक्षण द्यायला हवे. सभागृहातूनच आक्षेप आला, मंत्र्यांनी योजनेची बाजू घेतली आणि ‘एलिप्पत्तायम’च्या दिग्दर्शकाने हे बोलावे यावर केरळात कित्येक दिवस वाद चालला. मोठ्या घरच्या मुलाने पहिला चित्रपट काढला तर त्याला प्रशिक्षणाचा दाखला कुणी मागत नाही, हा त्यातला बिनतोड मुद्दा होता.

याच योजनेतून शिवरंजिनी यांचा ‘व्हिक्टोरिया’ तयार झाला आणि २०२४ च्या केरळ आंतरराष्ट्रीय महोत्सवात दाखवला गेला. ठिकाण अंगमालीच, पण या वेळी मारामाऱ्या आणि डुकराच्या मांसाचा बाजार नाही. एक ब्युटी पार्लर. भुवया कोरून घेणाऱ्या, केस कापून घेणाऱ्या, नवऱ्याबद्दल, बापाबद्दल, पळून जायच्या बेताबद्दल बोलणाऱ्या बायका येत-जात राहतात. पडद्यावर पुरुष दिसत नाही. दिसतो तो चर्चला वाहायला आणलेला एक कोंबडा, आणि दिवसभर तो पार्लरमध्ये बांधून ठेवलेला असतो.